ती माझीच की

पुण्याच्या दवाखान्यात डॉक्टर केळुसकरांनी दादाला आणि वहिनीला बाहेर बसायला सांगितलं, दार लावून घेतलं आणि स्वतःची खुर्ची टेबलामागून ओढून माझ्या शेजारी आणली.

"आता आपण दोघंच आहोत," ते म्हणाले. "मनापासून सांगा. किडनी द्यायची आहे?"

"हो."

"कुणी गळ घातली? आईनं? वहिनींनी?"

"नाही."

"भावानं?"

"त्यानं कशाला घालायला पाहिजे? मी स्वतः तयार आहे."

त्यांनी दार नीट लागलंय का ते पाहिलं. मग हळू आवाजात म्हणाले, "हे बघा शांतिनाथ, किडनी देणाऱ्या प्रत्येकाला मी असं एकट्याला बसवून विचारतो. नको असेल तर फक्त एवढंच म्हणा, डॉक्टर, नको. मी बाहेर जाऊन सांगेन की तपासणीत अडचण निघाली, यांची चालणार नाही. कसली अडचण, ते कुणालाही कधी कळणार नाही. घरात तुम्हाला मान खाली घालायची वेळ येणार नाही."

मला राग आला. माझ्या भावाचा जीव चालला होता आणि हा माणूस मला पळवाट दाखवत होता.

"डॉक्टर, तो मला बापाच्या जागी आहे."

"म्हणूनच विचारतोय," ते म्हणाले.

मी पुन्हा 'हो' म्हणालो. आज इतक्या वर्षांनंतरही मी छातीवर हात ठेवून सांगू शकतो, त्या खोलीत मी खोटं बोललो नाही. त्यांनी माझ्या दंडाला पट्टा गुंडाळून रक्तदाब पाहिला. एखाद्या पैलवानाचा असावा तसा होता.

बाहेर दादा बाकावर पाय पसरून बसला होता. पावलांना सूज, चेहरा राखेसारखा. पण आवाज अजून तोच, वर्कशॉपमध्ये चार मोटारी चालू असतानाही त्यांच्यावर ऐकू येणारा.

"काय विचारत होता रं एवढा वेळ?"

"असंच. दुखणी-खुपणी."

"तुला कसली दुखणी? बैल हाईस तू," दादा म्हणाला आणि वहिनीकडे बघून हसला.

दादा म्हणजे सुकुमार मगदूम. जयसिंगपुरात स्टेशन रोडला त्याचं मोटार रिवाइंडिंगचं दुकान होतं. विहिरीवरच्या जळालेल्या मोटारी शेतकरी त्याच्याकडे घेऊन यायचे आणि तो त्यांत नवी तांब्याची तार भरून द्यायचा. मी सातवीत असताना आमचे अप्पा गेले. दादा तेव्हा सांगलीला कॉलेजात होता. त्यानं पुस्तकं मित्रांना वाटून टाकली आणि एका गुजराती शेठजीच्या दुकानात तार गुंडाळायला बसला. पुढं स्वतःचं दुकान काढलं, मला शिकवलं, हायस्कुलात चिकटवलं, माझं लग्न लावून दिलं.

त्यानं मला कधी काही कमी पडू दिलं नाही, आणि कधी काही विचारलंही नाही. शास्त्र शाखा घ्यायची, हे त्यानं ठरवलं. बी.एड. करायचं, हेही त्यानंच. गुजरातेत आणंदच्या एका डेअरीत मला नोकरी लागत होती. ते पत्र घेऊन मी दुकानात गेलो तेव्हा तो वार्निश लावत होता. मान वर न करता म्हणाला, "एवढ्या लांब कशाला? आईचं कोण बघणार?" विषय संपला. लग्नाच्या सुटाचं कापडदेखील त्यानंच फाडून आणलं होतं, मी कापडाच्या दुकानात पाऊलही टाकलं नव्हतं. मी या कशाला नको म्हणालो असं मला आठवत नाही. नको म्हणायचं सुचायचंच नाही. जो आपल्यासाठी उन्हात उभा आहे त्याला, सावली थोडी इकडं पडू दे, असं कोण म्हणतं?

त्याच्या किडन्या गेल्याचं कळलं तेव्हा तो चाळिशीचा नव्हता. मिरजेला डायलिसिस सुरू झालं. वहिनीचा रक्तगट जुळत नव्हता. आई साठीला टेकलेली, तिचं नाव कुणी काढलंच नाही. राहिलो मी. माझ्या पेशींची तपासणी झाली आणि रिपोर्ट इतका छान जुळला की मिरजेचे डॉक्टर म्हणाले, जुळी भावंडंच जणू.

रिपोर्ट आला त्या संध्याकाळी मी दुकानात गेलो. दादा गल्ल्यामागे बसला होता, आजूबाजूला नेहमीची मंडळी, दोन-तीन शेतकरी आणि शेजारचा वेल्डिंगवाला. मला बघताच दादा उठला, त्या सुजलेल्या पायांनी चार पावलं चालत आला आणि माझ्या पाठीवर थाप मारली. नेमकी कमरेच्या वर, बरगडीखाली.

"ही बघा माझी किडनी आली," तो सगळ्यांना म्हणाला.

"शांत्यानं तयारी दाखवली म्हणायची," वेल्डिंगवाला म्हणाला.

"तयारी कशाची? ती माझीच की! एवढी वर्षं खाऊपिऊ घालून ठेवली होती त्याच्याकडं."

सगळे हसले. मीही हसलो. दादाच्या डोळ्यांत पाणी होतं, हेही मला दिसत होतं. तो असाच बोलायचा. घाबरला की जास्तच मोठ्यानं.

घरी जाताना रेल्वे फाटकापाशी माझं डोकं दुखायला लागलं. मानेच्या मागून सुरू होऊन कपाळापर्यंत येणारं, घट्ट पट्टी बांधल्यासारखं. उन्हाचं असेल म्हणून मी एक गोळी घेतली.

ते डोकं पुढचे दिवस अधूनमधून दुखतच राहिलं. अन्न तोंडात फिरायचं, घशाखाली उतरायचं नाही. त्रिशला, माझी बायको, ताट तसंच उचलायची. आमची मुलगी तेव्हा वर्षाची होती. एकदा पुण्याला जायच्या बॅगा भरताना मी त्रिशलाला म्हणालो, "तू काहीच म्हणत नाहीस."

"कशाबद्दल?"

"या सगळ्याबद्दल."

ती मुलीची झबली घडी घालत होती. "मी काय म्हणू? नका देऊ म्हटलं तर उद्या सगळं माझ्यावर येईल. आणि द्या म्हणायला माझी जीभ रेटत नाही." मग तिनं माझ्याकडं नीट पाहिलं. "तुमच्या मनात काही आहे का?"

"माझ्या मनात काय असणार? काहीतरीच विचारतेस!" मी एवढ्या जोरात ओरडलो की मुलगी दचकून रडायला लागली.

त्रिशलानं पुन्हा तो विषय काढला नाही.

पुण्याच्या दवाखान्यात आम्हा दोघांना शेजारशेजारच्या खोल्या दिल्या. ऑपरेशन दुसऱ्या दिवशी होतं. संध्याकाळी नर्स आली, पट्टा बांधला, फुगा दाबला, आकडा बघितला आणि काही न बोलता पुन्हा दाबला. मग ती निघून गेली आणि दुसरं मशीन घेऊन आली.

"सर, तुम्हाला बीपी आहे का?"

"नाही हो. कधीच नव्हतं."

थोड्या वेळानं डॉक्टर केळुसकर स्वतः आले. त्यांनी मला डाव्या कुशीवर झोपवलं, बसवलं, उभं केलं. दोन्ही दंड तपासले. आकडा दोनशेला टेकला होता. मला छातीवर कुणी दगड ठेवल्यासारखं वाटत होतं. पण घाबरलोय असं मला वाटत नव्हतं. खरंच वाटत नव्हतं. मी त्यांना म्हणालो, "गोळी द्या आणि करून टाका."

"असं करता येत नाही," ते म्हणाले. "रक्तदाब असलेल्या माणसाची एक किडनी काढली तर त्याची राहिलेली किडनी मी धोक्यात घालीन. आधी कारण शोधू."

ऑपरेशन पुढं ढकललं. दादा म्हणाला, "हुतंय असं. मोटार पहिल्यांदा चालू करताना एखादा फेज उडतोच." वहिनी बॅगा पुन्हा बांधायला लागली. तिनं महिन्याभराची तयारी करून घर, दुकान, दोन मुलं शेजाऱ्यांवर सोपवली होती.

जयसिंगपूरला परतलो. आमच्या गल्लीतल्या डॉक्टरनं रक्तदाब पाहिला तर तो अगदी व्यवस्थित. चार दिवसांनी पुन्हा पाहिला, व्यवस्थित. रक्त, लघवी, हृदयाचा आलेख, पोटाची सोनोग्राफी, सगळं झालं. कशातच काही निघालं नाही. पुण्याला कळवलं. त्यांनी नवीन तारीख दिली. तारीख ठरल्याचा फोन दादाच्या दुकानात आला आणि निरोप घेऊन तो स्वतः रिक्षानं शाळेत आला. वर्गाच्या दारात उभा राहून म्हणाला, "मंगळवारी." मी खडू खाली ठेवला. मुलांना काय शिकवत होतो ते मला आठवेना. मानेत ती पट्टी पुन्हा आवळली गेली होती.

आई या वेळी सोबत आली. तिनं ऑपरेशन होईपर्यंत उपवास धरला होता. गरम पाणी तेवढं प्यायची. वहिनीनंही एक वेळचं सोडलं होतं.

मंगळवारी सकाळी आम्हाला हिरवे झगे घातले. मला आधी नेलं. ऑपरेशन थिएटरच्या अलीकडे एक लहान खोली होती, तिथं माझी गाडी थांबवली. भूल देणाऱ्या बाईंनी पट्टा बांधला. मी छताकडं बघत णमोकार मंत्र म्हणत होतो. फुगा दाबल्याचा आवाज, सुस्कारा सोडल्यासारखी हवा गेल्याचा आवाज. पुन्हा तेच. बाईंचा चेहरा मला उलटा दिसत होता आणि त्यावरून मला कळलं.

"शांत पडा," त्या म्हणाल्या. "दीर्घ श्वास घ्या."

मी दीर्घ श्वास घेतला आणि मला उलटी झाली. पोटात काहीच नव्हतं, नुसतं पिवळं पाणी. नाकातून गरम काहीतरी ओठावर आलं. हात लावला तर रक्त. आता मात्र मी घाबरलो. पण कशाला, ते सांगता येत नव्हतं. इतक्यात दार उघडलं आणि दुसरी गाडी आत आली. तिच्यावर दादा होता. त्यानं मान वळवून माझ्याकडं पाहिलं. माझ्या हनुवटीवरचं रक्त पाहिलं. आयुष्यात पहिल्यांदा मी त्याला एक शब्दही न बोलता गप्प झालेला पाहिला. त्यानं तोंड भिंतीकडं वळवलं.

तासाभरानं मी माझ्या खोलीत पडलो होतो. नाकात कापूस होता. केळुसकर आले. दार लावलं. पहिल्या वेळेसारखी खुर्ची ओढून घेतली.

"मी आता तिसऱ्यांदा प्रयत्न करणार नाही," ते म्हणाले. "तुमची किडनी मी घेणार नाही."

"मग दादाचं?"

"बघू. दुसरा मार्ग काढू."

"तुम्ही घरच्यांना काय सांगणार?"

"उच्च रक्तदाब. खोटं कुठं आहे त्यात?"

मी उठून बसलो. "डॉक्टर, मी नाटक करत नाही. तुम्हाला वाटतंय का मी…"

"नाटक केलं असतं तर मी तासात ओळखलं असतं," ते म्हणाले. "दोनशेचा रक्तदाब कुणाला नाटकानं आणता येत नाही. नाकातलं रक्त खरं आहे. तुमचं दुखणं शंभर टक्के खरं आहे. फक्त त्याचं मूळ तुमच्या किडनीत नाही, हृदयात नाही, मला यंत्रानं सापडेल अशा कुठल्याच जागी नाही." ते थांबले. "मी तुम्हाला विचारलं होतं. तुम्ही हो म्हणालात, ते मनापासून म्हणालात, हेही मला ठाऊक आहे. पण माणसाच्या आत एकच माणूस नसतो. एकाला तुम्ही बोलू दिलंत. दुसऱ्याला तोंडच दिलं नाहीत. मग त्यानं जे हाती सापडलं ते वापरलं."

"माझा जीव आहे दादावर."

"असणारच. नसता तर सरळ नको म्हणून मोकळे झाला असता. एवढं आजारी पडायची गरजच पडली नसती."

ते उठले. दारापाशी जाऊन म्हणाले, "काहीतरी खाऊन घ्या. कालपासून उपाशी आहात."

मी बराच वेळ पडून राहिलो. मग कपडे बदलले आणि जिना उतरून खाली आलो. खाली दवाखान्याचं कॅंटीन होतं. मला वाटलं, चहा घ्यावा. काउंटरपाशी उभा राहिलो, आणि तिथं मला भूक लागली. साधी भूक नव्हे. कित्येक आठवड्यांनी पोट जागं झाल्यासारखी. मी इडली घेतली. सांबारात बोटं बुडेपर्यंत कुस्करून खाल्ली. मग उपीट घेतलं. मग पुन्हा इडली. डोकं दुखत नव्हतं. मानेतली पट्टी गेली होती. छातीवर काही नव्हतं. मी खात होतो आणि प्रत्येक घास सरळ खाली उतरत होता आणि इतकं बरं वाटत होतं की मला रडू यायला हवं होतं, तेही येत नव्हतं.

समोरच्या खुर्चीवर कुणीतरी येऊन बसलं. मी मान वर केली. आई होती.

माझा हात तसाच राहिला. बोटांना सांबार लागलेलं. वर तिचा थोरला मुलगा सलाईन लावून भिंतीकडं तोंड करून पडला होता आणि धाकटा इथं तिसरी बशी पुढ्यात घेऊन बसला होता. ती स्वतः चार दिवसांची उपाशी होती.

"आई, मी…"

"खा की," ती म्हणाली.

"मला एकदम भूक लागली."

"दिसतंय मला." तिनं माझ्या चेहऱ्याकडं पाहिलं. लहानपणी ताप उतरला का बघायला कपाळाला हात लावायची, तशी नजर. "किती दिसांनी पोटभर खाल्लास. तारीख ठरल्यापास्नं तुझ्या नरड्याखाली घास उतरंना झाला हुता. मी बघत हुतो की."

तिनं पदरानं माझ्या हनुवटीवरचं सुकलेलं रक्त पुसलं. मी मान खाली घातली.

"आई, मी मुद्दाम नाही केलं."

"मुद्दाम कोण म्हणतंय?" ती म्हणाली. काउंटरवरच्या माणसाला तिनं हात केला. "एक इडली दे रे याला आणखी."

"नको, आई."

"खा. माझं ऐक." मग पदर सावरत, बाजारला जाऊन येतो म्हणावं तसं ती म्हणाली, "मी त्या डाक्टरला भेटून आलो. माझी चालंल का बघा म्हटलं. रगत तर एकच हाय आमचं. बघतो म्हणाले."

"तुझ्या वयाला? आई, अजिबात नाही. मी पुन्हा प्रयत्न करतो. गोळ्या घेऊन…"

"शांत्या," ती म्हणाली. माझा हात तिनं धरला, उष्टाच. "मला भ्या वाटत न्हाई. तुला वाटतंय. त्यात काय लाजायचं? दोघं माझ्याच पोटातनं आलायसा. एकाला वाचवायला दुसऱ्याला मारू व्हय मी?"

माणूस इडली घेऊन आला. ती समोर बसून राहिली आणि तिच्यासमोर मी ती खाल्ली. त्या इडलीएवढी लाज मला पुढं कधी कशाची वाटली नाही.

आईच्या तपासण्या झाल्या. साठीची बाई, आयुष्यभर कोरडी भाकरी खाल्लेली, तिच्यात काही दोष सापडला नाही. ऑपरेशनच्या दिवशी मी तिची गाडी थिएटरच्या दारापर्यंत ढकलत नेली. तिचा रक्तदाब विचारला तर नर्स म्हणाली, आजींचा तुमच्या-माझ्यापेक्षा चांगला आहे.

पद्मजा वहिनी आणि मी बाहेरच्या बाकावर बसलो. मध्ये एका माणसाची जागा सोडून. माझं ऑपरेशन रद्द झाल्यापासून ती माझ्याशी कामापुरतंच बोलायची. वाईट असं कधी बोलली नाही. सगळ्या नातेवाइकांना तीच सांगायची, भाऊजींना बीपी निघालं, त्यांचा काय दोष. आत दोन टेबलांवर दोघं होते, आणि बाहेर आम्ही दोघं भिंतीवरचं घड्याळ बघत नव्हतो असं दाखवत होतो.

मध्येच ती म्हणाली, "भाऊजी."

"काय वहिनी?"

"तुमचं बीपी आज कसं आहे?"

तिच्या आवाजात टोचणी नव्हती. असती तर बरं झालं असतं. ती सरळ विचारत होती, जसं कुणाही आजारी माणसाला विचारावं.

"बरं आहे," मी म्हणालो.

"बरं झालं," ती म्हणाली आणि पुन्हा दाराकडं बघू लागली.

आईची किडनी दादाच्या अंगात टेबलावरच काम करू लागली. केळुसकर बाहेर येऊन म्हणाले, पहिला थेंब आला तेव्हा आतल्या सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. वहिनी भिंतीला टेकून खाली बसली आणि तोंडात पदर कोंबून रडली. मला तिला उठवावंसं वाटलं, पण हात पुढं झाला नाही.

दादा पुढं चौदा वर्षं जगला. त्याच्या दोन्ही मुलांची लग्नं त्यानं स्वतः उभं राहून केली. आई त्याच्याही मागं दोन वर्षं होती. लोकांना वाटतं की गोष्ट चांगली संपली, आणि ते चूक नाहीत.

पण एक संध्याकाळ सांगायची राहिली.

ऑपरेशनला तीन-चार महिने झाले होते. दादाला घरी आणलं होतं. संसर्ग होऊ नये म्हणून तोंडावर फडकं बांधून तो बाहेरच्या सोप्यावर खाटेवर बसायचा, घरचे कुणाला जवळ येऊ द्यायचे नाहीत. गोळ्यांनी गाल फुगले होते, पण पायांची सूज गेली होती आणि आवाज परत आला होता. मी रोज शाळेतून जाताना तिथं टेकायचो. लांब, उंबऱ्यापाशी. आम्ही पाऊस-पाण्याचं बोलायचो. पुण्याचं कधी निघालं नव्हतं.

त्या दिवशी तो म्हणाला, "शाळेला सुट्टी लागली न्हवं? उद्यापास्नं दुकानात बसत जा. कामगार तार चोरायला लागलेत. महिनाभर तू बस, मग मी येतोच."

नेहमीचं वाक्य. विचारणं नव्हे, सांगणं. मी 'बरं' म्हणायला तोंड उघडलं आणि मानेच्या मागं काहीतरी आवळल्याची मला चाहूल लागली. अगदी बारीक. दुसऱ्या कुणाला जाणवलीही नसती.

"नाही जमणार, दादा," मी म्हणालो.

तो काही म्हणायच्या आत मी पुढं बोललो. "त्रिशलाला आणि पोरीला घेऊन तिच्या माहेरी जायचंय. तिकिटं काढलीत. दुकानात दुसऱ्या कुणाला बसव."

दादा फडक्यावरून माझ्याकडं बघत राहिला. मला वाटलं आता ओरडेल.

"काय म्हणालास?"

"नाही जमणार म्हटलं."

तो खाटेवर सावरून बसला. मग फडकं त्यानं खाली ओढलं, जे करायला डॉक्टरांनी सक्त मनाई केली होती.

"डाक्टरनं तुला विचारलं हुतं, न्हवं? एकट्याला बसवून?"

"हो."

"त्रिशलानंबी विचारलं असंल. आईनं विचारलं असंल." त्याचा आवाज खाली आला, इतका की मला पुढं वाकावं लागलं. "मी न्हाई विचारलं रं. सगळ्या गावाला सांगितलं, पण तुला न्हाई विचारलं. तिथं गाडीवर तुझ्या तोंडाला रगत बघितलं तवा माझ्या ध्यानात आलं. मग तोंड वळवून घेतलं मी. तुझा राग न्हवता आला."

"दादा, विचारलं असतंस तरी मी हो म्हणालो असतो."

"ठावं हाय मला," तो म्हणाला. "त्याचीच तर शरम वाटती."

मला काहीतरी बोलायला हवं होतं. माझी चूक, तुझी नव्हे, असं काहीतरी. पण ते खरं होतं का, मला कळत नव्हतं. उलटही खरं नव्हतं. 

आत स्वयंपाकघरात आई जमिनीवरून उठत होती. तिची बरगडी कापली होती, त्या बाजूवर भार देऊन तिला उठता यायचं नाही. भिंतीला धरून, मध्ये एकदा थांबून, दात आवळून ती उठायची. कुणी जवळ असलं की आवाज करायची नाही. सोप्यापर्यंत ऐकू जातं हे तिला माहीत नसावं. तिच्या तोंडून निघालेलं 'आई गं' आम्हा दोघांनाही ऐकू आलं.

मग तिनं हाक मारली. "सुकुमार, शांत्या आलाय काय रे? दोघं जेवून घ्या, दिवस बुडायला आला."

"आलो," दादा म्हणाला. फडकं त्यानं पुन्हा तोंडावर चढवलं.

आत ताटं मांडल्याचा आवाज आला. आधी कुणी उठायचं, ते आम्हाला कळेना, आणि आम्ही तसेच बसून राहिलो.